तारामती ते जोधाबाई : दुर्गाबाई खोटे

मित्रांनो, सुरुवातीलाच एक क्विझचा प्रश्न. दादासाहेब फाळक्यांच्या 'राजा हरिश्चंद्र'मध्ये, म्हणजे १९१३ साली आलेल्या आपल्या पहिल्या कथापटात, राणी तारामतीचं काम कोणी केलं होतं?

उत्तर आहे अण्णा साळुंके. होय, बरोबर वाचलंत, अण्णा! फाळक्यांनी तारामतीसाठी बाई शोधली, पण एकही बाई तयार होईना. शेवटी मुंबईतल्या एका उपाहारगृहात काम करणाऱ्या या सडपातळ तरुणाला साडी नेसवून त्यांनी कॅमेऱ्यासमोर उभं केलं. पुढे १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये तर याच साळुंक्यांनी राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या. आज वाचताना हसू येतं, पण तेव्हा सिनेमात तोंड दाखवणं हे बाईसाठी इतकं वाईट समजलं जायचं की दुसरा इलाजच नव्हता.

आता दुसरा प्रश्न. पहिला मराठी बोलपट 'अयोध्येचा राजा' १९३२ साली आला. कथा तीच, हरिश्चंद्र-तारामतीची. यातली तारामती कोण? दुर्गा खोटे. मधे गेली फक्त एकोणीस वर्षं. तारामतीचं काम पुरुषाकडून एका शिकलेल्या, दोन मुलांच्या आईकडे आलं. हे आपोआप झालं नाही. त्याची किंमत कोणीतरी मोजली. ही त्याच बाईची गोष्ट.

आपल्या पिढीला दुर्गाबाई आठवतात त्या बहुतेक आई किंवा आजी म्हणून. टीव्हीवर 'बॉबी' लागला की दिसणाऱ्या मिसेस ब्रॅगान्झा, 'कर्ज'मधली मुलाची वाट पाहणारी म्हातारी आई, 'मुघल-ए-आझम'मधली नवरा आणि मुलगा यांच्यामधे सापडलेली जोधाबाई. पण ही बाई एकेकाळी पडद्यावर चाच्यांची म्होरकी होती, चित्ता बाळगणारी राणी होती, हे आपल्यापैकी किती जणांना माहीत असतं?

लाडांची लेक, खोट्यांची सून

दुर्गाबाईंचा जन्म १४ जानेवारी १९०५ चा, म्हणजे ऐन संक्रांतीचा. माहेरचं आडनाव लाड. घराणं मूळचं गोव्याकडचं, पण मुंबईत चांगलं स्थिरावलेलं. वडील पांडुरंग लाड, आई मंजुळाबाई. कांदेवाडीत मोठं एकत्र कुटुंब होतं. मुलीला त्यांनी कॅथेड्रल हायस्कूलमध्ये घातलं, पुढे सेंट झेवियर्स कॉलेजात. १९२० च्या आसपासचा काळ डोळ्यांसमोर आणा. तेव्हा मुलीनं मॅट्रिक होणं हीच मोठी गोष्ट होती. तिथे ही मुलगी फाडफाड इंग्रजी बोलत होती!

कॉलेजात असतानाच लग्न झालं. सासर खोट्यांचं, श्रीमंत आणि नावाजलेलं. पती विश्वनाथ खोटे. आणि आपल्या कॉलेजच्या दृष्टीनं महत्त्वाची गोष्ट म्हणजे हे विश्वनाथराव बनारस हिंदू विद्यापीठातून मेकॅनिकल इंजिनिअर झालेले होते. बकुल आणि हरीन अशी दोन मुलं झाली. सगळं कसं छान चाललं होतं. कथा इथेच संपली असती, तर दुर्गा खोटे हे नाव कोणाला कळलंही नसतं.

पण खोट्यांची आर्थिक घडी विसकटली. मोठं घर, मोठं नाव, आणि हातात पैसा नाही. पदरी दोन लहान मुलं. पुढे विश्वनाथरावही अकाली गेले. माहेरी जाऊन राहता आलं असतं, पण किती दिवस? दुर्गाबाईंना कमवायचं होतं. शिक्षण होतं, पण १९३० साली शिकलेल्या बाईला नोकऱ्या होत्या तरी कुठे? शिकवण्या करून चार पैसे मिळत, पण त्यावर संसार कसा चालणार? आणि अशा वेळी जे काम समोर आलं ते नेमकं सिनेमाचं.

पहिला पेपर : सपशेल नापास

चित्रपटाचं नाव 'फरेबी जाल'. साल १९३१. दिग्दर्शक मोहन भवनानी. भूमिका अगदी छोटी, काही मिनिटांची. दुर्गाबाईंना या धंद्याची काहीच माहिती नव्हती. पूर्ण चित्रपटाची गोष्ट काय आहे, आपला तुकडा त्यात कुठे बसणार आहे, याची चौकशीसुद्धा न करता त्यांनी काम केलं. पैशाची गरज होती, विषय संपला.

चित्रपट लागला आणि आभाळ कोसळलं. चित्रपट सवंग होता. त्यातून जाहिरातीत लाड आणि खोटे या दोन्ही घराण्यांच्या नावांचा गाजावाजा झालेला. म्हणजे पाहायला येणारे लोक कलेसाठी येत नव्हते, मोठ्या घरची सून पडद्यावर कशी दिसते हे बघायला येत होते. नातेवाईक तुटून पडले. ओळखीपाळखीत तोंड दाखवायची सोय उरली नाही. काम किती मिनिटांचं, आणि बदनामी किती मोठी!

आपल्याकडे एखाद्या सेमिस्टरला एम-थ्री किंवा ग्राफिक्स राहिलं तरी आठवडाभर रूममधून बाहेर न पडणारे लोक आहेत. इथे तर अख्ख्या मुंबईसमोर निकाल लागला होता. सव्वीस वर्षांच्या त्या बाईनं त्या दिवशी सिनेमाला कायमचा रामराम ठोकला असता तर कोणी दोष दिला नसता.

पण तो चित्रपट पाहणाऱ्यांत एक वेगळी नजरही होती. व्ही. शांताराम यांची. त्यांना त्या टाकाऊ चित्रपटातल्या काही मिनिटांत एक देखणी, ताठ मानेची, स्पष्ट बोलणारी बाई दिसली. आणि 'प्रभात'ला नेमकी तशीच बाई हवी होती.

कोल्हापूरची तारामती

'प्रभात फिल्म कंपनी' १ जून १९२९ ला कोल्हापुरात सुरू झाली होती. शांताराम, विष्णुपंत दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी हे पाच भागीदार. तोवर त्यांचे सगळे चित्रपट मूक. पण १४ मार्च १९३१ ला मुंबईत 'आलम आरा' लागला, पडदा बोलायला लागला, आणि सगळ्या मूकपट कंपन्यांचं धाबं दणाणलं. आता नुसता चेहरा चालणार नव्हता. आवाज हवा, उच्चार हवे, गाता यायला हवं. तंत्रज्ञान बदललं की जुने लोक बाहेर आणि नवे आत, हे आपल्याला नवीन नाही.

एकदा तोंड पोळल्यावर दुर्गाबाई सहजासहजी तयार होणार नव्हत्या. पण इथे कंपनी वेगळी होती, माणसं वेगळी होती, गोष्ट पुराणातली आणि भूमिका पतिव्रता तारामतीची. त्या कोल्हापूरला गेल्या. हरिश्चंद्र झाले होते गोविंदराव टेंबे. संगीत नाटकातलं मोठं नाव, आणि चित्रपटाचं संगीतही त्यांचंच. बाबूराव पेंढारकर आणि मास्टर विनायक हेही त्यात होते.

आता थोडं तांत्रिक. त्या काळी पार्श्वगायन नव्हतं. ते आपल्याकडे आलं १९३५ च्या सुमारास. म्हणजे १९३२ साली कॅमेरा चालू असताना नटानं तिथल्या तिथे अभिनय करायचा, तिथल्या तिथे गायचं. वाजवणारे साथीदार कॅमेऱ्यात दिसणार नाहीत असे आडोशाला बसायचे. एक जण चुकला, एखादं भांडं वाजलं, बाहेर कुत्रं भुंकलं की सगळं पुन्हा पहिल्यापासून. नंतर डबिंग करून दुरुस्त करू, ही सोयच नाही. दुर्गाबाई काही खानदानी गायिका नव्हत्या, पण आपली गाणी त्यांनी स्वतः गायली.

आणि हे सगळं दोनदा! कारण 'प्रभात'नं तो चित्रपट मराठी आणि हिंदी अशा दोन भाषांत एकाच वेळी काढला. मराठीत 'अयोध्येचा राजा', हिंदीत 'अयोध्या का राजा'. सेट तेच, पण प्रसंग एकदा मराठीत आणि एकदा हिंदीत. आपल्या नागपुरात एक वाक्य मराठीत सुरू होऊन हिंदीत संपतं, त्यामुळे आपल्याला यात काय एवढं, असं वाटेल. पण व्यवसाय म्हणून विचार केला तर ही फार हुशारीची चाल होती. तेव्हा नागपूर ही मध्य प्रांत आणि वऱ्हाडची राजधानी. एकाच प्रांतात अर्धे लोक हिंदी बोलणारे, अर्धे मराठी. मुंबईपलीकडचा सगळा देश नुसत्या मराठी चित्रपटाला कुठून मिळणार? दोन भाषा बोलू शकणारी नायिका कंपनीला म्हणूनच लाखमोलाची होती.

६ फेब्रुवारी १९३२ ला मुंबईच्या मॅजेस्टिक सिनेमात 'अयोध्येचा राजा' लागला. ज्या मुंबईनं वर्षभरापूर्वी नावं ठेवली, तीच मुंबई आता तारामती बघायला येत होती. राणीपण जाऊन दासी झालेली, मुलगा गेलेली, तरी ताठ उभी राहणारी तारामती. लोकांना पटली. लगेच त्याच वर्षी 'माया मच्छिंद्र' आला. त्यात दुर्गाबाई झाल्या स्त्रीराज्याची राणी किलोतला. पुरुषांना जिथे थारा नाही अशा राज्याची राणी, आणि सोबतीला पाळलेला चित्ता. खरा चित्ता हं, कॉम्प्युटरवर काढलेला नव्हे!

'घरंदाज' या शब्दाबद्दल थोडंसं

दुर्गाबाईंबद्दल लिहिताना एक वाक्य हमखास येतं. त्यांच्यामुळे घरंदाज बायकांना सिनेमाची दारं उघडली. वाक्य खोटं नाही, पण त्यात एक अन्याय लपलेला आहे.

दुर्गाबाईंच्या आधीही बायका पडद्यावर होत्याच की. फाळक्यांच्याच १९१३ च्या 'मोहिनी भस्मासुर'मध्ये दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला यांनी काम केलं होतं. या कमलाबाई म्हणजे पुढच्या कमलाबाई गोखले, अभिनेते विक्रम गोखले यांच्या आजी. मूकपटाच्या काळात रुबी मायर्स, म्हणजे पडद्यावरची 'सुलोचना', ही तर सगळ्यात मोठी स्टार होती. या आणि अशा कित्येक बायकांनी शिव्या खाल्ल्या, बहिष्कार सोसले, म्हणून सिनेमा उभा राहिला. त्यांना समाजानं मान दिला नाही, कारण त्या कोणा बड्या घरच्या नव्हत्या. दुर्गाबाईंना आधी ज्या घराण्यासाठी दोष दिला, त्याच घराण्यासाठी नंतर मान दिला. शिक्षण, इंग्रजी, घराण्याचं नाव हे भांडवल त्यांच्याजवळ होतं, इतरांजवळ नव्हतं. हे मान्य करूनही एक गोष्ट उरतेच. भांडवल असणं वेगळं आणि ते पणाला लावणं वेगळं. दुर्गाबाईंनी ते लावलं, आणि त्यानंतर शिकलेल्या मुलींना घरी सांगायला एक उदाहरण मिळालं.

कोलकाता आणि पुन्हा 'प्रभात'

'प्रभात'मध्ये यश मिळालं म्हणून दुर्गाबाई तिथेच बसून राहिल्या नाहीत. त्या गेल्या थेट कोलकात्याला. तिथे देवकी बोस या मोठ्या दिग्दर्शकाकडे काम केलं. १९३३ साली 'न्यू थिएटर्स'चा 'राजरानी मीरा', १९३४ साली 'सीता'. 'सीता'मध्ये राम झाले होते पृथ्वीराज कपूर. हा चित्रपट व्हेनिसच्या महोत्सवात गेला आणि त्याला तिथे मानपत्रही मिळालं. हे पृथ्वीराज लक्षात ठेवा, पुढे परत भेटणार आहेत.

१९३६ साली त्या पुन्हा 'प्रभात'मध्ये दिसल्या. एव्हाना कंपनी कोल्हापूरहून पुण्याला आली होती (आज तिथे फिल्म इन्स्टिट्यूट आहे). चित्रपट 'अमरज्योती', दिग्दर्शक शांताराम. यात दुर्गाबाई सौदामिनी. राज्याचा कायदा आईला मुलाचा ताबा देत नाही म्हणून ती बंड करते, समुद्रावर जाते, चाच्यांची टोळी उभारते आणि जुलमी मंत्र्याला पकडून त्याचा पाय तोडते. १९३६ साली! हिंदू बाईला मालमत्तेत नीटसा हक्क नाही, घटस्फोटाचा देशभर लागू होणारा कायदा नाही, अशा काळात पडद्यावर एक आई कायद्याविरुद्ध तलवार उपसते. हाही चित्रपट व्हेनिसला दाखवला गेला.

हे काम दुर्गाबाईंनाच का शोभलं असेल? त्यांनी कायदा तोडला नव्हता, जहाज लुटलं नव्हतं. पण दोन मुलांसाठी समाजाच्या विरोधात जाणं म्हणजे काय, हे त्यांना कोणी शिकवायची गरज नव्हती.

बाँड साइन करू नका!

आता या कारकिर्दीतली माझ्या मते सगळ्यात महत्त्वाची गोष्ट.

तेव्हाचे स्टुडिओ म्हणजे आजच्या भाषेत मोठ्या कंपन्या. नट, नट्या, कॅमेरामन, सुतार, शिंपी, सगळे महिन्याच्या पगारावर. करार झाला की तुम्ही कंपनीचे. कंपनी सांगेल ते काम करायचं, बाहेर कुठे जायचं नाही. काम नसेल तर बसून राहायचं, तरी दुसरीकडे जायची मुभा नाही. हा जाच किती होता, ते शांता आपटे यांच्या प्रकरणावरून कळतं. 'कुंकू'सारखा गाजलेला चित्रपट दिलेली ही नायिका १९३९ साली आपल्या करारावरून 'प्रभात'च्या फाटकासमोर उपोषणाला बसली होती!

दुर्गाबाईंनी वेगळा रस्ता धरला. त्यांनी कोणत्याही एका कंपनीशी कायमचं लग्न लावलं नाही. एक चित्रपट, एक करार. काम झालं, पैसे घेतले, पुढचं काम. कोल्हापूर, कोलकाता, पुणे, मुंबई. आज याला आपण फ्रीलान्सिंग म्हणतो. स्टुडिओच्या ऐन भरात हे धाडस करणाऱ्या पहिल्या मोठ्या कलाकारांत त्यांची गणना होते. एवढंच नाही, तर १९३० च्या दशकाच्या उत्तरार्धात 'साथी' या चित्रपटाद्वारे त्या निर्मितीतही उतरल्या. तेव्हा निर्माती ही जमात जवळजवळ नव्हतीच.

यात धोका किती होता? महिन्याचा पगार नाही. आजारी पडलात तर उत्पन्न शून्य. घरी दोन मुलं, आणि पाठीशी मोठा आधार नाही. आपल्याकडे कॅम्पसमध्ये कंपनी आली की दोन-दोन वर्षांचे बाँड डोळे मिटून साइन करणारे आपण! अर्थात प्रत्येकाला असं जमेलच असं नाही, आणि पगाराची नोकरी म्हणजे काही पाप नाही. पण आपली किंमत काय आहे हे माहीत असलेला माणूस करारावर सही करण्याआधी तो वाचतो. 'फरेबी जाल'च्या वेळी दुर्गाबाईंनी चौकशी केली नव्हती. त्यानंतर त्यांनी ती चूक केलेली दिसत नाही.

छत्तिसाव्या वर्षी सासू

हिरोइनचं आयुष्य किती? आजही हा प्रश्न विचारला जातो. नायक पन्नाशीत कॉलेजात जातो आणि नायिका तिशी ओलांडली की वहिनी होते. दुर्गाबाईंच्या काळात तर विचारायलाच नको.

१९४१ साली आचार्य अत्र्यांच्या संस्थेचा 'पायाची दासी' आला. हिंदीत 'चरणों की दासी'. नायिका होत्या वनमाला, आणि तिला छळणारी खाष्ट सासू दुर्गा खोटे. वय वर्षं छत्तीस. दुसरी कोणी नटी असती तर हा अपमान समजली असती. दुर्गाबाईंनी सासू अशी उभी केली की बंगालच्या चित्रपट पत्रकार संघाचा सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार त्यांना मिळाला. नायिकेचा नाही हं, सासूचा! लगोलग १९४२ च्या 'भरत मिलाप'मधल्या कैकेयीसाठी पुन्हा तोच पुरस्कार. तारामती आणि सीता करणाऱ्या बाईनं कैकेयी करायची, आणि तीही अशी की लोकांना तिचा राग यावा आणि तिची कीवही यावी.

१९४३ च्या सोहराब मोदींच्या 'पृथ्वीवल्लभ'मध्ये त्या मृणालवती झाल्या. कैद केलेल्या राजा मुंजाला झुकवायला निघालेली आणि शेवटी स्वतःच हरणारी गर्विष्ठ राजकन्या. दोघांचे समोरासमोरचे संवाद जुने लोक अजून काढतात.

वय लपवायचं नाही, वयाप्रमाणे काम घ्यायचं, पण फालतू काम घ्यायचं नाही, हा हिशेब त्यांनी तेव्हाच पक्का केला असावा. म्हणूनच त्यांच्याबरोबर सुरू केलेल्या कितीतरी जणी चाळिशीत दिसेनाशा झाल्या आणि दुर्गाबाई पुढची चार दशकं कामावर होत्या.

रंगभूमी, जाहिरातपट आणि टीव्ही

सिनेमात नाव झालं की नाटकाकडे कोण वळतं? दुर्गाबाई वळल्या. मुंबई मराठी साहित्य संघाच्या रंगमंचावर त्यांनी नानासाहेब फाटक यांच्यासारख्या कसलेल्या नटांसमोर कामं केली. खाडिलकरांच्या 'भाऊबंदकी'त आनंदीबाई, आणि १९५४ साली वि. वा. शिरवाडकरांच्या 'राजमुकुट'मध्ये, म्हणजे शेक्सपिअरच्या 'मॅकबेथ'च्या मराठी रूपात, ती महत्त्वाकांक्षी राणी. कॅमेऱ्यासमोर रिटेक मिळतो, रंगमंचावर नाही. १९५८ साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला.

दुसरीकडे त्यांच्यातली व्यावसायिक बाई गप्प बसलेली नव्हती. १९५२ साली त्यांनी 'फॅक्ट फिल्म्स' ही संस्था सुरू केली. पुढे 'दुर्गा खोटे प्रॉडक्शन्स'. काम काय? लघुपट, माहितीपट, जाहिरातपट. यात ग्लॅमर काही नाही. पण तिथे नियमित काम होतं, आणि आपण आपले मालक होतो. नट म्हणून फोन वाजायची वाट बघत बसण्यापेक्षा हे बरं!

आणि गंमत बघा. १९८८ साली दूरदर्शनवर 'वागळे की दुनिया' सुरू झाली. आर. के. लक्ष्मण यांच्या सामान्य माणसावरची, अंजन श्रीवास्तव आणि भारती आचरेकर यांची, कुंदन शाह दिग्दर्शित मालिका. आपल्या आईबाबांना विचारा, हमखास आठवेल. ती मालिका होती दुर्गा खोटे प्रॉडक्शन्सची. म्हणजे मूकपटाच्या शेवटच्या दिवसांत कामाला लागलेल्या बाईचं नाव टीव्हीच्या जमान्यातही श्रेयनामावलीत होतं. मूक ते बोलपट, कृष्णधवल ते रंगीत, पडदा ते टीव्ही. एवढ्या टेक्नॉलॉजी बदलल्या, पण ही बाई काही आउटडेटेड झाली नाही.

आई

५ ऑगस्ट १९६० ला 'मुघल-ए-आझम' आला. अकबर पृथ्वीराज कपूर आणि जोधाबाई दुर्गा खोटे. सव्वीस वर्षांपूर्वीचे राम आणि सीता! मधुबाला, दिलीपकुमार, शीशमहल आणि नौशाद यांच्या गर्दीतही ही जोधाबाई हरवत नाही. एका बाजूला बादशहा नवरा, दुसऱ्या बाजूला बंडखोर मुलगा. तिला दोघांपैकी कोणाचंच चुकलं असं म्हणता येत नाही, आणि गप्पही बसता येत नाही. २००४ साली रंगवलेली आवृत्ती थिएटरात आली तेव्हा नव्या पिढीनंही ती पाहिली.

१९६३ मध्ये 'द हाउसहोल्डर' आला. इस्माईल मर्चंट आणि जेम्स आयव्हरी या पुढे जगप्रसिद्ध झालेल्या जोडीचा पहिला कथापट. नायक पृथ्वीराजांचा मुलगा शशी कपूर, आणि त्याची आई दुर्गाबाई. हाही चित्रपट इंग्रजी आणि हिंदी अशा दोन भाषांत काढला होता. तीस वर्षांपूर्वी कोल्हापुरात केलेली कसरत पुन्हा एकदा!

त्यानंतरची यादी मोठी आहे. 'अनुपमा', 'आनंद', 'बावर्ची', 'अभिमान', 'बॉबी', 'कर्ज'. १९७४ च्या 'बिदाई'साठी सहायक अभिनेत्रीचं फिल्मफेअर मिळालं. सगळे मिळून दोनशेच्या आसपास चित्रपट. पडद्यावर इतक्या मुलांची आई झालेल्या या बाईला प्रत्यक्षात मात्र मुलाचं दुःख सोसावं लागलं. धाकटा हरीन तरुणपणीच गेला. हरीनची पत्नी म्हणजे मराठी रंगभूमीवरच्या थोर दिग्दर्शिका विजयाबाई, ज्यांना आपण विजया मेहता म्हणून ओळखतो. घरात मृत्यू, बाहेर शूटिंगची तारीख. दुर्गाबाई कामावर जात राहिल्या. लहानपणी मिळालेल्या श्रीमंतीपेक्षा नंतर मिळालेल्या गरजेनं त्यांना जास्त घडवलं असं म्हटलं तर चुकणार नाही.

१९६८ साली त्यांना पद्मश्री मिळाली. 'मी, दुर्गा खोटे' हे त्यांचं मराठी आत्मचरित्र आपल्याकडे अनेक जुन्या वाचनालयांत सापडेल. शांता गोखले यांनी त्याचा इंग्रजी अनुवादही केला आहे. सबमिशनच्या धावपळीतून वेळ मिळाला तर जरूर वाचा. २२ सप्टेंबर १९९१ ला, वयाच्या ८६ व्या वर्षी, त्या गेल्या.

आपल्याकडे मोठ्या माणसाचं चरित्र लिहिताना त्याला देवाच्या फोटोशेजारी बसवायची सवय आहे. दुर्गाबाईंना तसं बसवण्यात अर्थ नाही. त्यांनी सिनेमा धरला तो पोटासाठी. पहिल्याच कामात तोंडघशी पडल्या. मग दुसरं काम नीट केलं, तिसरं त्याहून नीट. कोणाच्या दावणीला बांधून घेतलं नाही, वय झालं म्हणून रडत बसल्या नाहीत, आणि नवीन यंत्र आलं म्हणून घाबरल्या नाहीत. एवढंच. पण एवढंच पन्नास वर्षं करत राहणं आपल्यापैकी कितीजणांना जमेल, हा प्रश्न स्वतःला विचारून बघायला हरकत नाही.

आणि जाता जाता एक शेवटची माहिती, पुढच्या क्विझसाठी. १९८३ चा, भारतीय चित्रपटसृष्टीतला सर्वोच्च पुरस्कार दुर्गाबाईंना मिळाला. त्यांच्याआधी देविका राणी, रुबी मायर्स आणि कानन देवी या अभिनेत्रींना तो मिळालेला होता. त्या पुरस्काराचं नाव आहे दादासाहेब फाळके पुरस्कार. तेच फाळके, ज्यांना सत्तर वर्षांपूर्वी तारामतीसाठी एकही बाई मिळाली नव्हती.